गाळलेलं यमक आणि न उच्चारलेला 'र': ब्रिटिश स्लँग कानानं कशी ओळखायची

लंडनमध्ये कुणी तुमच्या हातातल्या फोनकडे बोट दाखवून "गिव्ह अस अ बुचर्स" म्हणालं, तर त्याला फोन बघायचा असतो. इथला 'अस' म्हणजे 'आम्हाला' नाही, 'मला'. आणि 'बुचर्स' हा 'बुचर्स हुक'चा उरलेला तुकडा. बुचर्स हुक म्हणजे खाटकाच्या दुकानात मांस टांगायचा आकडा. 'हुक'चं यमक 'लुक'शी जुळतं, म्हणून 'लुक'च्या जागी आख्खा 'बुचर्स हुक' आला. पुढे ज्याच्यामुळे यमक जुळत होतं तो 'हुक'च बोलण्यातून गळला. मागे उरलेल्या 'बुचर्स'चा बघण्याशी काडीचाही संबंध दिसत नाही. कॉकनी राइमिंग स्लँगची, म्हणजे लंडनच्या सामान्य लोकांच्या यमकांवर चालणाऱ्या बोलीची, सगळी मेख या गळतीत आहे. यमक कानावर पडतच नाही; ते ऐकणाऱ्यानं मनात भरून घ्यायचं असतं.

त्यामुळे नुसत्या याद्या पाठ करून फारसं हाती लागत नाही. उलटं चालायला शिकावं. ऐकलेला शब्द वाक्यात अगदीच विसंगत वाटला, की त्याच्या मागोमाग नेहमी कोणता शब्द येतो ते आठवायचं, त्या दुसऱ्या शब्दाचं यमक शोधायचं आणि सापडलेला शब्द वाक्यात बसतो का ते पाहायचं. "यूज युअर लोफ" घ्या. लोफ म्हटल्यावर 'लोफ ऑफ ब्रेड' आठवतो, 'ब्रेड'चं यमक 'हेड', म्हणजे डोकं चालव. "माय प्लेट्स आर किलिंग मी" मधल्या प्लेट्स म्हणजे 'प्लेट्स ऑफ मीट', त्यावरून 'फीट': पाय ठणकतायत. 'चायना' म्हणजे 'चायना प्लेट', त्यावरून 'मेट', दोस्त. 'बार्नेट' म्हणजे 'बार्नेट फेअर', लंडनच्या उत्तरेकडची जुनी जत्रा, त्यावरून 'हेअर'. 'व्हिसल अँड फ्लूट'वरून सूट, 'टॉमफूलरी'वरून ज्वेलरी. त्यांची बोलण्यातली रूपं नुसती 'व्हिसल' आणि 'टॉम'.

सगळेच शब्द असे अर्धे होत नाहीत. 'टी लीफ' (थीफ, म्हणजे चोर), 'हाफ इंच' (पिंच, म्हणजे लंपास करणं), 'ब्राउन ब्रेड' (डेड, मेलेला) आणि 'डॉग अँड बोन' (फोन) हे पूर्णच बोलले जातात. कोणता अर्धा करायचा आणि कोणता नाही याला नियम नाही, वहिवाट आहे. 'लोफ ऑफ ब्रेड' आणि 'ब्राउन ब्रेड' दोन्ही 'ब्रेड'वर संपतात; एकाचं यमक 'हेड'शी, दुसऱ्याचं 'डेड'शी. एक अर्धा झाला, दुसरा पूर्ण राहिला, म्हणून गोंधळ होत नाही.

शिकणाऱ्यांची हमखास होणारी चूक वेगळीच आहे. अर्थ कळला की शब्द कुठेही वापरता येतो असं त्यांना वाटतं. तसं नसतं. बहुतेक शब्द एकाच ठरावीक चौकटीत जगतात. 'बुचर्स' हा 'हॅव', 'टेक' किंवा 'गिव्ह' यांच्याबरोबर येतो आणि त्याच्याआधी 'अ' लागतो. त्याचं क्रियापद करून "आय बुचर्ड इट" म्हटलंत, तर 'मी त्याची खांडोळी केली' असा अर्थ होईल. 'पोर्कीज' (पोर्क पाइज, म्हणून लाइज) हा 'टेल'बरोबर येतो: "ही इज टेलिंग पोर्कीज". 'स्कूबी' (कार्टूनमधला स्कूबी डू, म्हणून क्लू) नकारातच शोभतो: "आय हॅवन्ट गॉट अ स्कूबी", मला काही पत्ता नाही. 'डिकी बर्ड' (वर्ड) तसाच: "नॉट अ डिकी बर्ड", एक शब्द कानावर आला नाही. 'टॉड'ला 'ऑन युअर' लागतं. टॉड स्लोन हा एकोणिसाव्या शतकाच्या अखेरीस इंग्लंडमध्ये गाजलेला अमेरिकन जॉकी. त्याच्या आडनावाचं यमक 'अलोन'शी, म्हणून "ऑन युअर टॉड" म्हणजे एकट्यानं. शब्द शिकताना त्याच्या आजूबाजूचे दोन-तीन शब्दही सोबत शिकावेत. नुसता अर्थ लिहून ठेवणारी वही इथे निरुपयोगी ठरते.

एका शब्दाची साखळी मात्र सावकाश पाहण्यासारखी आहे. 'आर्स' म्हणजे ढुंगण. त्याचं यमक 'ग्लास', म्हणून 'बॉटल अँड ग्लास', आणि तो अर्धा होऊन 'बॉटल'. पुढे या 'बॉटल'चंच यमक शोधलं गेलं: 'अ‍ॅरिस्टॉटल'. तोही अर्धा होऊन 'अ‍ॅरिस' झाला. कहर म्हणजे 'अ‍ॅरिस'चं यमक 'प्लास्टर ऑफ पॅरिस'शी जुळवून काही जण 'प्लास्टर' म्हणू लागले. 'प्लास्टर'पासून मागे चालत ढुंगणापर्यंत यायला सहा उड्या घ्याव्या लागतात. 'बॉटल'चा 'धाडस' हा अर्थ याच साखळीतून आला असं बरेच जण मानतात. "ही लॉस्ट हिज बॉटल" म्हणजे ऐनवेळी त्यानं कच खाल्ली.

या साखळीतला पहिलाच दुवा देवनागरीत लिहिला की तुटतो. 'आर्स' आणि 'ग्लास' यांचं यमक आपल्या डोळ्यांना कुठेच दिसत नाही. कारण आपण 'र' लिहितो आणि म्हणतोही, तर लंडनचा माणूस स्वरानंतरचा 'र' उच्चारतच नाही. त्याच्या तोंडी ते 'आस' आणि 'ग्लास' असतं. इंग्लंडच्याच उत्तरेत गेलात तर 'ग्लास'मधला 'आ' आखूड होऊन 'ग्लॅस'च्या जवळ जातो आणि यमक पुन्हा फसतं. 'रॅबिट' घ्या. "शी रॅबिट्स ऑन" म्हणजे ती अखंड बडबडते. मूळ 'रॅबिट अँड पोर्क', यमक 'टॉक'. आपल्या उच्चारात 'पोर्क' आणि 'टॉक' दोन टोकांना. दक्षिण इंग्लंडच्या उच्चारात 'पॉऽक' आणि 'टॉऽक', अगदी तंतोतंत. राइमिंग स्लँग ही विशिष्ट गावाच्या विशिष्ट उच्चारावर उभी आहे, आणि तो उच्चार माहीत नसेल तर उत्तर समोर असूनही दिसत नाही. म्हणून मी आधी उच्चार आणि मग शब्द असाच क्रम सांगेन.

कॉकनी उच्चाराच्या चार-पाच खुणा कळल्या तरी पुष्कळ काम होतं. शब्दाच्या सुरुवातीचा 'ह' जातो: 'हेअर' आणि 'एअर' एकच, 'हिल' आणि 'इल' एकच. 'थ'च्या जागी 'फ' येतो, त्यामुळे 'थ्री' आणि 'फ्री', 'थॉट' आणि 'फॉट' यांत फरक राहत नाही. दुकानात 'फ्री' ऐकलं म्हणून वस्तू फुकट समजू नये. 'बटर'मधला 'ट' घशातच अडतो. 'मिल्क'मधल्या 'ल'चा 'व'सारखा आवाज होतो. आणि 'डे'चा 'डाय' होतो, त्यामुळे "टुडे" हे 'टु डाय'सारखं ऐकू येतं.

कॉकनी म्हणजे कोण, याची जुनी व्याख्या सेंट मेरी-ल-बो या चर्चच्या घंटांचा आवाज ऐकू येईल अशा टापूत जन्मलेला माणूस. यात दोन ठिकाणी फसगत होते. पहिली उच्चाराची: हा 'बो' 'गो'सारखा म्हणायचा. वाकून केलेला नमस्कार त्याच अक्षरांनी लिहितात, पण तो 'बाउ', 'काउ'सारखा. दुसरी जागेची: पूर्व लंडनमध्ये 'बो' नावाचा भाग आहे, पण हे चर्च तिथे नाही, ते 'सिटी' या लंडनच्या जुन्या मध्यवर्ती भागात, चीपसाइड या रस्त्यावर आहे. मे १९४१ च्या बॉम्बहल्ल्यात या घंटा नष्ट झाल्या आणि नव्या घंटा १९६१ साली वाजल्या. व्याख्या शब्दशः घेतली तर मधल्या वीस वर्षांत एकही कॉकनी जन्मला नाही असं म्हणावं लागेल.

ही भाषा चोरांनी पोलिसांना चकवायला काढली असं सर्रास सांगितलं जातं. जॉन कॅम्डन हॉटन या लंडनच्या प्रकाशकानं १८५९ च्या आपल्या स्लँग-कोशात ती रस्त्यावर गाणी आणि छापील कागद ओरडून विकणाऱ्यांची भाषा म्हणून नोंदवली, आणि तिचा उगम त्याआधी बारा-पंधरा वर्षांचा धरला. हातगाडीवर फळं-भाजी विकणाऱ्या कॉस्टरमाँगर मंडळींची गुप्त भाषा निराळी होती: शब्द उलटा करून बोलायची. तिच्यातला एक शब्द आजही रोजच्या वापरात आहे. 'बॉय'ची अक्षरं उलटी केली की 'यॉब', म्हणजे टवाळ पोरगा.

आता यातलं जिवंत किती? प्रत्येक यादीत पहिला असणारा 'अ‍ॅपल्स अँड पेअर्स' (स्टेअर्स) खऱ्या बोलण्यात क्वचितच येतो, आणि परक्या माणसानं तो म्हटला की ऐकणारा नुसतं हसतो. 'ट्रबल अँड स्ट्राइफ' (वाइफ) हाही थट्टेतच उरलाय. लोकांच्या तोंडी खरोखर असतात ते बुचर्स, पोर्कीज, लोफ, रॅबिट ऑन, बार्नेट, स्कूबी, आणि 'हँक मार्व्हिन' (स्टार्व्हिन, म्हणजे कडकडून भूक). नवे येतातही. 'रूबी मरी' ही बेलफास्टची गायिका; १९५५ साली एका आठवड्यात तिची पाच गाणी ब्रिटिश टॉप ट्वेंटीत होती. तिची गाणी मागे पडली, पण 'गोइंग फॉर अ रूबी' म्हणजे करी खायला जाणं हे अजून आहे. 'पीट टाँग' या रेडिओवरच्या डीजेच्या नावावरून "इट्स ऑल गॉन पीट टाँग": सगळं राँग झालं. फॉर्म्युला वनचा 'आयर्टन सेना' म्हणजे टेनर, दहा पाउंड; 'लेडी गोडायव्हा' म्हणजे फायव्हर, पाच पाउंड. २००९ साली पूर्व लंडनमधल्या काही एटीएमवर कॉकनी भाषेचा पर्यायच ठेवला होता. तिथे पिन विचारताना 'हकलबेरी फिन' असं यायचं.

काही शब्द लोक निर्धास्त वापरतात, कारण मूळ कुणाच्या ध्यानात नसतं. 'अ लोड ऑफ कॉब्लर्स' म्हणजे निव्वळ बकवास. मूळ 'कॉब्लर्स ऑल्झ', मोच्याच्या आऱ्या, आणि यमक 'बॉल्स'शी. "ब्लो अ रासबेरी" म्हणजे जीभ बाहेर काढून तोंडानं पादल्यासारखा आवाज करणं. मूळ 'रासबेरी टार्ट', यमक कशाशी ते वेगळं सांगायला नको. 'बर्क' म्हणजे मूर्ख. तो 'बर्कशर हंट' किंवा 'बर्कली हंट'वरून आला आणि त्याचं यमक इंग्रजीतल्या सर्वांत जहाल शिव्यांपैकी एकीशी जुळतं. गंमत म्हणजे त्या परगण्याचा खरा उच्चार 'बाक्शर' आहे, पण शिवीतला 'बर्क' मात्र लिहिल्यासारखाच. आज हा शब्द सौम्य मानतात. तरी तो मित्रांपुरताच ठेवावा, साहेबांसमोर नको.

व्युत्पत्ती सांगताना जपून. 'पॉश' म्हणजे 'पोर्ट आउट, स्टारबोर्ड होम', हिंदुस्थानच्या बोटीवरच्या थंड बाजूच्या खोल्या, ही कथा सगळीकडे फिरते; तिला पुरावा नाही. 'स्कार्पर', म्हणजे पोबारा करणं, हे स्कॉटलंडच्या 'स्कापा फ्लो' या नौदलाच्या तळावरून (यमक 'गो') आलं असं म्हणतात. पण हा शब्द पहिल्या महायुद्धाच्या कितीतरी आधीपासून नोंदलेला आहे आणि बहुधा इटालियन 'स्काप्पारे'वरून आला. स्कापा फ्लोनं त्याला नंतर बळ दिलं एवढंच. ज्यांचं मूळ पक्कं आपल्याकडचं आहे ते मात्र खणखणीत आहेत: 'पक्का', 'चोकी' (चौकी, अर्थ तुरुंग), 'डेको' (देखो, "हॅव अ डेको" हे "हॅव अ बुचर्स"चंच भावंड) आणि 'ब्लायटी' (विलायती, अर्थ मायदेश). 'डूलॅली' म्हणजे डोकं फिरलेला. तो आपल्या देवळालीवरून आला. तिथल्या लष्करी छावणीत मायदेशी परतणारे गोरे सैनिक बोटीची वाट बघत महिनोन्‌महिने अडकून पडत. पूर्ण शब्दप्रयोग 'डूलॅली टॅप', आणि त्यातला 'टॅप' म्हणजे आपला 'ताप'.

न उच्चारलेल्या 'र'मुळे यमक जुळतं, तसे भलतेच शब्द एकमेकांत मिसळतातही. दक्षिण इंग्लंडच्या उच्चारात 'सॉस' आणि 'सोर्स', 'कॉट' (पकडलं) आणि 'कोर्ट', 'फ्लॉ' आणि 'फ्लोअर', 'लॉ' आणि 'लोअर' (परंपरागत ज्ञान), 'स्टॉक' (देठ) आणि 'स्टॉर्क' (करकोचा), 'फादर' आणि 'फार्दर' हे जोडीजोडीनं सारखेच ऐकू येतात. स्कॉटलंडमध्ये 'र' ठणठणीत उच्चारतात, तिथे हा घोळ नाही. याउलट नसलेला 'र' घुसतोही: एका शब्दाच्या शेवटी 'ऑ' आणि पुढच्याच्या सुरुवातीला स्वर आला की मध्ये 'र' येतो. 'लॉ अँड ऑर्डर' हे 'लॉर अँड ऑर्डर' होतं आणि 'लॉरा नॉर्डर' नावाच्या बाईचा उल्लेख चाललाय असं वाटतं.

आपली अडचण निराळी: एकाच 'व'वर आपण दोन इंग्रजी ध्वनी भागवतो. 'वाइन' (द्राक्षाची दारू) आणि 'व्हाइन' (वेल), 'वेट' (ओला) आणि 'व्हेट' (जनावरांचा डॉक्टर), 'वेस्ट' (पश्चिम) आणि 'व्हेस्ट' हे ब्रिटिश कानाला पूर्ण वेगळे शब्द आहेत. पहिल्यात ओठांचा चंबू करायचा आणि दात कुठेही लागू द्यायचे नाहीत. दुसऱ्यात वरचे दात खालच्या ओठावर टेकवून हवा घासत सोडायची. आरशासमोर म्हणून पाहिलं की फरक लगेच दिसतो. आणि हो, ब्रिटनमध्ये 'व्हेस्ट' म्हणजे बनियन. सूटावरचं जाकीट हा अर्थ अमेरिकेतला. 'पँट्स' म्हणजे आतली चड्डी, आणि "दॅट्स पँट्स" म्हणजे अगदीच टाकाऊ.

लिहिताना नडतात त्या जोड्यांपैकी 'प्रॅक्टिस' आणि 'लायसन्स' आधी पक्क्या कराव्यात. ब्रिटिश स्पेलिंगमध्ये नामाला 'सी', क्रियापदाला 'एस'. उच्चार एकच असल्यामुळे कान मदत करत नाही. म्हणून त्या जागी 'अ‍ॅडव्हाइस' (नाम, 'सी') आणि 'अ‍ॅडव्हाइज' (क्रियापद, 'एस') घालून बघायचं, तिथे फरक ऐकू येतो. 'ड्राफ्ट'चीही दोन स्पेलिंगं: कच्चा मसुदा 'एफ'नं, पण दारातून येणारा गार झोत आणि पिंपातली बिअर 'यूजीएच'नं. इमारतीचा मजला असेल तर 'स्टोरी'त 'वाय'च्या आधी 'ई'. अंतर मोजायचा 'मीटर' 'आरई'नं संपतो, विजेचा 'मीटर' 'ईआर'नं.

वाक्प्रचारांत एका अक्षराची चूक जास्त महागात पडते. 'बेअर विथ मी' (जरा धीर धरा) मधला 'बेअर' अस्वलासारखा लिहायचा. दुसऱ्या स्पेलिंगनं लिहिलात तर तुम्ही समोरच्याला कपडे काढायला सांगताय. 'टो द लाइन' मधला 'टो' पायाच्या बोटाचा, गाडी ओढायचा नव्हे. 'फ्री रेन' मधला लगामाचा, राजाच्या राजवटीचा नाही. आणि 'डॅम्प स्क्विब' म्हणजे दमट फटाका, आपला फुसका बार. पुष्कळ ब्रिटिश लोकसुद्धा तो 'स्क्विड' म्हणतात.

यमकाशिवायच्या स्लँगमध्ये 'निक' या शब्दाइतका काम करणारा दुसरा नाही. "ही निक्ड माय बाइक": त्यानं सायकल चोरली. "ही गॉट निक्ड": त्याला अटक झाली. "ही इज इन द निक": तो कोठडीत आहे. "इट्स इन गुड निक": वस्तू सुस्थितीत आहे, आणि वापरलेल्या गाडीच्या जाहिरातीत हाच अर्थ. चारही वेळा अर्थ आजूबाजूच्या शब्दांनी ठरतो.

पैशांचे शब्द थोडे आहेत, पण चुकवू नयेत. पाउंड म्हणजे 'क्विड', आणि त्याला अनेकवचनाचा 'एस' लागत नाही: 'टेन क्विड'. 'स्कोअर' २०, 'पोनी' २५, 'मंकी' ५००, 'ग्रँड' १०००. 'बॉब' म्हणजे शिलिंग. १५ फेब्रुवारी १९७१ ला दशमान चलन येईपर्यंत पाउंडाचे २० शिलिंग आणि २४० पेन्स असत, म्हणून एखाद्या आजोबांच्या तोंडचे 'टेन बॉब' म्हणजे आजचे ५० पेन्स.

"यू ऑलराइट?" ही तब्येतीची चौकशी नसते, नुसता नमस्कार असतो, "येस, यू?" एवढं उत्तर पुरे. 'पिस्ड' म्हणजे प्यायलेला, चिडलेला नव्हे. चिडलेल्यासाठी पुढे 'ऑफ' लागतो. 'क्वाइट गुड' ही कौतुकाची पावती समजू नका. 'गुड'सारख्या कमी-जास्त होणाऱ्या विशेषणाला 'क्वाइट' खाली ओढतो, म्हणजे 'ठीकठाक'. 'इम्पॉसिबल'सारख्या टोकाच्या विशेषणापुढे आला की मात्र त्याचा अर्थ 'पूर्णपणे'.

वेळेच्या बाबतीत 'हाफ फाइव्ह' म्हणजे 'हाफ पास्ट फाइव्ह', साडेपाच. जर्मन येणाऱ्याला ते साडेचार वाटतं, कारण जर्मनमध्ये तशीच रचना साडेचारसाठी आहे. आणि उत्तर इंग्लंडमधल्या घरून "कम राउंड फॉर युअर टी अ‍ॅट हाफ फाइव्ह" असं बोलावणं आलं, तर तो चहा नसतो. तिकडे 'टी' म्हणजे संध्याकाळचं पोटभर जेवण. साडेपाचला उपाशी पोटी जावं.